बिनडोळ्यांचे पैलवान

आजवर मी पुष्कळ माणसांचे डोळे उघडले. त्यांतली बरीचशी मेलेली होती.

हे वाचून कुणी दचकू नये. मी डोळ्यांचा डॉक्टर नाही आणि महाराज तर नाहीच नाही. ताडकळसला बसस्टँडसमोर माझा फोटो स्टुडिओ आहे. आमच्या धंद्यात रिटचिंग नावाचं एक काम असतं. लग्नात फ्लॅश पडला की नवरदेव हटकून डोळे मिटतो. मग फोटो धुऊन वाळला की बारीक ब्रश घ्यायचा आणि त्याच्या मिटल्या पापण्यांवर उघडे डोळे काढायचे. म्हातारं माणूस गेलं की हे काम तर हमखास येतं. जिवंतपणी फोटो काढायचं राहून गेलेलं असतं आणि हार घालायला भिंतीवर फोटो तर पाहिजे. मला बोलावणं येतं. गेलेल्या माणसाला पटका बांधून भिंतीशी टेकवून बसवतात, मी फोटो काढतो आणि स्टुडिओत आणून त्याचे डोळे उघडतो.

बोरीच्या एका शेतकऱ्याच्या वडिलांचे डोळे मी असेच उघडले होते. माझ्या मते काम झकास झालं होतं. मुलगा फोटो घेऊन गेला आणि दुसऱ्या दिवशी परत आला.

"मास्तर, ह्यो आमचा बाप न्हाई."

मी फोटो उजेडात धरला. फोटो बदलला की काय? पण फोटो तोच होता.

"तोंड त्याचंच हाय," मुलगा म्हणाला. "पर ह्यो लय मायेनं बघायलाय. आमचा बाप जन्मात कुनाकडं असा बघला न्हाई. घरात कुनी पाया पडंना ह्याच्या. थोडा राग घाला."

मी राग घातला. म्हणजे वरच्या पापणीची रेघ जराशी जाड केली. मुलानं फोटो हातात घेतला आणि त्याचा दुसरा हात आपोआप डोक्यावरची टोपी सरळ करायला गेला. "आता बराबर," असं म्हणून तो खुशीत निघून गेला. मला मात्र रात्री जेवण गेलं नाही. त्या म्हाताऱ्याला मेल्यावर का होईना, लेकरांकडं मायेनं बघायची एक संधी मिळाली होती. ती मी ब्रशच्या एका फटक्यात काढून घेतली.

माझा स्वभावच असा आहे. बायको म्हणते, शेजारच्या घरात भांडं पडलं तरी तुम्हाला वाटतं आपल्याच हातून निसटलं. आमच्या अंकासाठी धंद्याबद्दल लिहा असं एका संपादकांनी सांगितलं तेव्हा मला आधी आठवलं ते कुणाकुणाचे डोळे आपण तिरळे केले तेच. पण आज लिहायचं आहे ते दोन पैलवानांच्या डोळ्यांबद्दल. दोघंही मातीचे होते. त्यांच्यापायी मी जेवढा घाबरलो तेवढा मेलेल्या माणसांपुढं कधी घाबरलो नाही.

हे प्रकरण सुरू झालं बाबूचाचामुळं.

बाबूचाचाचा बायस्कोप होता. तीन पायांच्या घोडीवर रंगवलेली पत्र्याची पेटी, पेटीला गोल भिंगं. पोरं भिंगाला डोळा लावत, चाचा वरची किल्ली फिरवी आणि आत एकेक चित्र सरकत जाई. चारमिनार, ताजमहाल, आग्र्याचा किल्ला, एक विमान, एक गोरी मेम. ताडकळस, वालूर, बोरी अशा बाजारांतून तो ही पेटी खांद्यावर घेऊन फिरायचा. लहानपणी मीही त्या भिंगातून ताजमहाल बघितला होता. खरा अजून बघितलेला नाही.

मग गावात व्हिडिओ आला. बाजारतळामागच्या पत्र्याच्या शेडमध्ये एक टीव्ही, एक मशीन, जमिनीवर सतरंजी. तिथं माणसं हलत होती, नाचत होती, एकमेकांना गच्चीवरून खाली फेकत होती. चाचाचा ताजमहाल बिचारा इतकी वर्षं जागचा हलला नव्हता. एका बाजारी एका पोरानं भिंगावरचा डोळा काढला आणि म्हणालं, "चाचा, तुमच्यातलं काहीच हालंना की."

त्याच दुपारी चाचा पेटीसकट माझ्या स्टुडिओत आला, पेटी खाली ठेवली आणि म्हणाला, "मास्टर, मेरा ताजमहल हलाव."

"चाचा, ताजमहाल कसा हलेल?"

"तो दुसरा कुछ हलाव. पन हलना. और देखनेवाले के हाथ में बी कुछ होना. मैं परभनी में देख्या, काच की मशीन में पोट्टे बटन दबारैं, अंदर का आदमी कूदरा. वैसा कुछ तो बी करो."

मी हसलो. चाचा हसला नाही. भिवंडीला त्याचा जावई होता. पंक्चरच्या दुकानात येऊन बसा, म्हणून तो कधीचा मागं लागला होता. चाचाला जावयाच्या दुकानात बसणं म्हणजे स्वतःच पंक्चर होणं वाटे. "चैत की जत्रा तक देखतूं," तो म्हणाला. "नइं जम्या तो पेटी चूल्हे में और मैं भिवंडी में."

आता माझ्या मनावर ओझं आलं. लहानपणी मी त्या पेटीत कितीदा तरी फुकट डोळा घातला होता.

हलणारं चित्र कसं होतं हे मला ठाऊक होतं. शाळेत वहीच्या कोपऱ्यांवर आपण सगळ्यांनी माणूस काढलेला असतो. दर पानावर त्याचा पाय थोडा पुढं. पानं भरभर सोडली की माणूस पळतो. तेच फोटोंनी करायचं. वस्तू जराशी हलवायची, फोटो काढायचा, पुन्हा जराशी हलवायची, पुन्हा फोटो. खेळ कसला ठेवायचा यावर चाचाचं आणि माझं लगेच जमलं. कुस्ती. आमच्या भागात कुस्ती म्हटलं की जेवत्या ताटावरून माणूस उठतो.

आधी आम्ही तालमीतले दोन खरे पैलवान उभे केले. "जराही हलू नका, मी सांगेन तेव्हाच हात सरकवा," असं बजावलं. दोघांनी एकमेकांच्या मानेला हात घातले आणि मी रोल भरेपर्यंत त्यांची खरीच जुंपली. माझा पडदा फाटला. तेव्हा ठरलं की पैलवान मातीचे करायचे. माती सांगितल्याशिवाय हलत नाही.

मातीसाठी कौसामावशीकडं गेलो. कौसामावशी आमच्या गावच्या कुंभारवाड्यातली. पोळ्याला तालुकाभर तिचे मातीचे बैल पुजले जात. ती बैलांची इतकी पट्टीची कारागीर होती की तिच्या हातातून दुसरं काही निघायचंच नाही. तिनं केलेली गौर मी बघितली होती, तिलाही किंचित वशिंड होतं. आमच्या पैलवानांची पहिली जोडी तिनं पुढं ठेवली तेव्हा मी चाचाकडं बघितलं आणि चाचानं माझ्याकडं.

"मावशी, हे बैल झाले," मी भीत भीत म्हणालो.

"खांदे हायेत ते," मावशी म्हणाली. "तालमीत गेलाव का कदी?"

मी गेलो नव्हतो. वशिंडं राहिली.

एक गोष्ट मात्र चाचानं आधीच सांगून ठेवली होती. पैलवानांना नाव नाही, गाव नाही, मिशी नाही, कपाळाला काही नाही, कुठला रंग नाही. त्या वर्षांत आमच्याकडं नाव हा शब्दच जपून काढावा लागे. विद्यापीठाच्या नावावरून मराठवाड्यात कुणाची घरं जळली आणि कोण कुणाशी बोलेनासं झालं, हे इथल्या माणसाला मी सांगायला नको. चाचाला बाजारात सगळ्याच आळ्यांतली पोरं पेटीपुढं उभी राहायला हवी होती. "मट्टी कू मट्टी रैने दो," तो म्हणाला. म्हणून एकाला पांढरा लंगोट, दुसऱ्याला काळा. खेळणाऱ्याचा तो पांढरा. बस्स.

काम सुरू झालं आणि आमचं शिक्षणही. पहिल्यांदा अंगणात फोटो काढले. सकाळी सुरू केलं, दुपारपर्यंत निम्मी कुस्ती झाली. फोटो धुऊन भरभर सोडले तर पैलवान नीट हलत होते, पण त्यांच्या सावल्या त्यांच्याभोवती गोल पळत होत्या. शिवाय काळी माती वाळली की आकसते, हे मला कुठं सुचलं होतं? कुस्तीच्या सुरुवातीला धष्टपुष्ट असलेले दोघं शेवटी उपाशी विद्यार्थ्यांसारखे दिसत होते.

मग आत घेतलं, मोठे बल्ब लावले. माती वाळू नये म्हणून मावशीनं तिच्यात मेण आणि करडीचं तेल मळलं. बल्बच्या उष्णतेनं पैलवान हळूहळू बसायला लागले. कुणी डाव टाकायच्या आधीच दोघं एकमेकांच्या गळ्यात पडून खाली गेले. "ह्यांची दोस्ती झाली," मावशी म्हणाली. शेवटी मेण कमी, मातीत पिंजलेला कापूस, आत छत्रीच्या काड्यांचा सांगाडा आणि दोन फोटोंच्या मध्ये बल्ब बंद, असं करत करत जमलं. मावशी हात हलवायची, मी म्हणायचो "मावशी, हात बाहेर," आणि बटण दाबायचो. असं दिवसेंदिवस. शेजारची पिठाची गिरणी सुरू झाली की बल्ब मंद व्हायचे, मग आम्ही सगळ्या गावाचं दळण होईपर्यंत चहा पीत बसायचो.

पेटी चाचानं स्वतः केली. आत सायकलच्या दोन रिमा एकाच दांड्यावर शेजारीशेजारी बसवल्या. त्यांच्या कडेनं पत्त्यांएवढे फोटो पुस्तकाच्या पानांसारखे उभे लावले. बाहेरून पायडल फिरवलं की चाक फिरे, पत्र्याची एक जीभ दर फोटो क्षणभर अडवून सोडे, आणि भिंगातून बघणाऱ्याला कुस्ती दिसे. एका चाकावर पांढरा लंगोट हरायचा, दुसऱ्यावर जिंकायचा. सुरुवात दोन्हीकडं एकच. मध्येच काळा लंगोट डाव टाकायला पाय उचली. त्या क्षणी सायकलचा ब्रेक दाबला तर चाकं बाजूला सरकत आणि जिंकायची बाजू पुढं येई. आधी किंवा नंतर दाबला तर ब्रेक अडकून राही आणि आपला पैलवान चितपट. एका गावात ही खुबी फुटली की पुढं सगळेच जिंकणार, म्हणून दर थोड्या दिवसांनी पैलवानांना मोडून वळवून नवी कुस्ती करायची, हेही ठरलं होतं. सगळा डाव त्यावरच होता. एका कुस्तीवर एक जत्रा निघाली असती, चाचाचं पोट नाही.

आणि इथंच मावशीची अट होती.

मावशी पोळ्याचे बैल करते तेव्हा डोळे सगळ्यात शेवटी देते. डोळे दिले की तो बैल झाला. मग त्याचं शिंग वाकडं असलं तरी ती त्याला हात लावत नाही. आमच्या पैलवानांचे हातपाय तर दर फोटोला पिरगाळायचे होते. म्हणून तिनं पहिल्याच दिवशी आम्हा दोघांना बजावलं.

"डोळे मी देनार न्हाई. आंधळं हाय तवर चिखल हाय, कसंबी मोडा. डोळे आले की जीव आला. जिवाला मोडायचं पाप माझ्या हातानं हुनार न्हाई. ज्या दिवशी ह्यांना डोळे येतील त्या दिवशी मी ह्यांना उचलून घरी न्हेनार. कबूल?"

"कबूल," चाचा म्हणाला. मीही म्हणालो. मी तर छातीवर हातही ठेवला, तशी काही गरज नव्हती.

जत्रा तोंडावर आली तेव्हा पेटी तयार झाली. चाचानं भिंगाला डोळा लावला आणि पायडल फिरवलं. बराच वेळ फिरवलं. मग सरळ उभा राहिला.

"मास्टर, ये कुश्ती नइं. दो आदमी नींद में कंबल खींचरैं."

मी बघितलं. खरं होतं. हात नीट, पाय नीट, वशिंडंसुद्धा डौलदार. पण दोघांच्या चेहऱ्यावर डोळ्यांच्या जागी गुळगुळीत माती. कोण कुणावर डोळा ठेवून आहे, कोण घाबरलाय, कोण डाव टाकणार, काही कळत नव्हतं. असली झोपाळू कुस्ती बघायला पोरं व्हिडिओ सोडून कशाला येतील?

चाचानं पेटीवर कापड टाकलं आणि भिवंडीची बस पूर्णेहून मिळते का परभणीहून, असं विचारलं.

त्यावर मी जे केलं ते धंद्याच्या सवयीनं केलं. मेलेल्या माणसांचे डोळे उघडणाऱ्याला मातीच्या माणसांचे डोळे किती जड? मी सगळे फोटो चाकांवरून काढले, ब्रश घेतला आणि दर फोटोत दोघांना डोळे काढले. तांदळाच्या कणीएवढे. काढताना मनाला समजावत होतो की डोळे मी कागदाला देतोय, मातीला नाही. मातीचे पैलवान शेजारच्या फळीवर ओल्या फडक्यात गुंडाळलेले होते. फडकं होतं म्हणून बरं.

चाचाला सांगितलं तेव्हा तो आनंदला आणि मग घाबरला. "बुढ्ढी कू जत्रा होने तक मत बोलो. बिगड़ी तो मट्टी लेके जाएगी, अगली कुश्ती काय की करना?"

पण माझ्या पोटात गोष्ट राहत नाही. दुसऱ्याच दिवशी मी सगळं सांगून टाकायचं ठरवून कुंभारवाड्यात गेलो.

"या मास्तर. काय पायजे?"

"माठ," मी म्हणालो.

माठ घेऊन घरी आलो. संध्याकाळी पुन्हा गेलो. या वेळी वाक्य पाठ करून गेलो होतो. मावशी मडक्यावर थापटणं मारत होती. तिनं वर बघितलं आणि माझ्या तोंडून निघालं, "एक रांजण पण द्या." पुढच्या दोनचार दिवसांत मी झाकण्या आणल्या, परळ आणले, दोन चुली आणल्या, आणि आणखी माठ. घरात चालायला वाट राहिली नाही. बायको दारात उभी राहून म्हणाली, "अवो, पानपोई घालायलाव का दुसरं लग्न?"

जत्रेच्या दिवशी चाचानं पेटी पाळण्याच्या शेजारी लावली. समोरच्या रांगेत मावशीचं मडक्यांचं दुकान होतं. ही जागा आम्ही निवडली नव्हती.

पहिलं गिऱ्हाईक एक धनगर होता, खांद्यावर घोंगडी. त्यानं डोळा लावला, पायडल फिरवलं आणि लगेच मागं सरून पेटीच्या पाठीमागं कुणी लपलंय का ते बघून आला. पुन्हा डोळा लावला. आणि मग असा हसायला लागला की त्याची घोंगडी खाली पडली.

मी धावलो. काय चुकलं? चाचानं धनगराला बाजूला करून मला बघायला लावलं. मी बघितलं आणि शरमेनं कानशिलं तापली. मी दर फोटोत डोळे काढले होते खरे, पण इतक्या बारीक चेहऱ्यावर ते दर वेळी नेमक्या त्याच जागी कसे पडणार? कुठं केसभर वर, कुठं केसभर डावीकडं. एकेक फोटो बघताना कळत नव्हतं. चाक फिरलं की मात्र दोन्ही पैलवानांचे डोळे चहूकडं पळत होते. काळा लंगोट एकदा आभाळाकडं, एकदा समोरच्याच्या लंगोटाकडं, एकदा थेट बघणाऱ्याकडं बघत होता. पांढरा लंगोट मान पकडून उभा, पण नजर अशी की आता कुठून पळू.

"आरं, ह्यो रस्ता हुडकायलाय!" धनगर ओरडला. "सावकार दिसला जनू ह्याला!"

"सरक, मला बघू दे."

"थांब की, अजून पडला न्हाई!"

"चाचा, ह्यो पांढरा कोन्या आळीचा?"

"पेटी की आळी का," चाचा म्हणाला. "आगे चलो, लाइन में."

बघता बघता रांग पाळण्याच्या पलीकडं गेली. ब्रेक कधी दाबायचा याची कुणाला शुद्ध नव्हती. हरणारे जास्त हसत होते. व्हिडिओच्या शेडमधला माणूस गिऱ्हाइकं कुठं गेली म्हणून बघायला आला आणि रांगेत उभा राहिला. चाचाचा चेहरा असा फुलला होता की मला वाटलं, आता एकच माणूस यायचा राहिलाय.

तो माणूस आला. मावशी पदर खोचून समोरून चालत आली. रांगेनं तिला वाट दिली. चाचानं पेटीवर हात ठेवला, तान्ह्या पोराच्या अंगावर ठेवतात तसा.

ती भिंगाकडं वाकणार एवढ्यात माझ्यानं राहवलं नाही. "मावशी, थांबा. आधी ऐका. मी त्यांना डोळे दिले."

"म्हाईत हाय."

"कसं?"

"इतके माठ कोन घेतंय?"

ती वाकली. पायडल हळूहळू फिरवायला लागली. मला फक्त पत्र्याच्या जिभेची टकटक ऐकू येत होती. काळ्या लंगोटानं पाय उचलला असेल तेव्हा तिनं ब्रेक दाबला. तिला कुणी सांगितलं नव्हतं, पण तो पाय तिनंच तर उचलला होता. खाडकन चाक सरकलं. पांढरा लंगोट जिंकला. दिवसभरात पहिल्यांदाच.

तिनं पुन्हा एकदा सगळं बघितलं. मग कमरेवर हात ठेवून सरळ झाली.

"मास्तर, ह्याला डोळे देनं म्हनत न्हाईत."

मी मान खाली घातली.

"घडीत हिकडं, घडीत तिकडं. माझ्या बैलाचा डोळा बघा, जिथं दिला तिथं ऱ्हातो. ह्यांचे डोळे ठिकानावर हायेत का?"

"नाहीत," मी म्हणालो.

"तो फिर?" चाचानं पेटीवरचा हात न काढता विचारलं.

"मंग काय? नजर ठरली न्हाई म्हंजे अजून जीव आला न्हाई. चिखलच हाय. मोडा आन् करा दुसरी कुस्ती." आणि जाता जाता मला म्हणाली, "माठ परत घेनार न्हाई मी."

माझ्या कामाला एवढे कमी मार्क कुणी दिले नव्हते, आणि मी एवढा सुखी कधी झालो नव्हतो.

त्यानंतर बरीच वर्षं चाचाची पेटी चालली. ताडकळसला खुबी फुटली की वालूर, वालूरला फुटली की बोरी, आणि तोवर आमची नवी कुस्ती तयार. मावशी मोडायची, वळवायची. मी फोटो काढायचो आणि चुकीचे डोळे काढायचो. एकदा मला माझ्याच कामाची लाज वाटली. मी पत्र्याचा साचा कापला आणि सगळ्या फोटोंत डोळे अगदी जागच्या जागी बसवले. चाचानं पेटीत बघितलं आणि कपाळाला हात लावला. "मास्टर, ये तो पढ़ेलिखे हो गये!" शिवाय मावशीनं ते ठरलेले डोळे बघितले असते तर धंदाच आटोपला असता. मी सगळे डोळे पुसले आणि डाव्या हातानं पुन्हा काढले. वाईट काम करायला एवढी मेहनत मी दुसऱ्या कुठल्याच गिऱ्हाइकासाठी घेतली नाही.

पुढं घरोघरी टीव्ही आले. रांग आखडत गेली. पण चाचा थांबला तो रांगेमुळं नाही. त्याच्या स्वतःच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला. वालूरच्या बाजारात एका पोरानं त्याला सांगितलं, "चाचा, तुमचे पैलवान उलटे लागलेत." चाकावर फोटो डोकं खाली पाय वर असे लावून तो सकाळपासून खेळ दाखवत होता. लोक हसत होतेच, त्यामुळं त्याला कळलं नव्हतं.

पोळ्याच्या आदल्या दिवशी तो पैलवानांची जोडी फडक्यात बांधून माझ्याकडं आला आणि आम्ही दोघं मावशीकडं गेलो. अंगणात बैल वाळत घातलेले होते. चाचानं फडकं सोडलं.

"मावशी," तो म्हणाला, "अब इनकू आँखां दे दो."

मावशीनं त्याच्याकडं बघितलं. "दिल्यावर मागारी फिरता यायचं न्हाई."

"हौ."

"पक्कं?"

"मेरेकू दिखता नइं. इनकू तो दिखने दो."

तिनं चुना आणि काजळी कालवली. काडीला कापूस गुंडाळला आणि एकेका ठिपक्यात काम संपवलं. मी तोंडावर हात ठेवून बघत राहिलो. मी जे इतक्या वर्षांत इतक्या फोटोंवर करू शकलो नव्हतो, ते तिनं मला चष्मा पुसायलाही वेळ न देता केलं. दुसऱ्या दिवशी पैलवान बैलांच्या रांगेत उभे राहिले. वशिंडांमुळं परके वाटले नाहीत. चाचानं उंबऱ्याशी बसून पुरणपोळी खाल्ली, आणि आठवड्याभरात तो भिवंडीला गेला. जावयाच्या दुकानात बसून तो पंक्चरला आलेल्या माणसांना कुस्ती सांगतो, असं त्याच्या मुलीनं कळवलंय.

पैलवान घरी न्यायची अट मावशीची होती, पण पोळा झाल्यावर तिनंच 'आता मोडायचं न्हाई' असं बजावून ते माझ्या हवाली केले. आता ते माझ्या स्टुडिओत काउंटरवर आहेत. माझे डोळे चहूकडं बघायचे, मावशीचे डोळे एकाच जागी बघतात, आणि ती जागा म्हणजे माझी रिटचिंगची खुर्ची. कुणा नवरदेवाचे डोळे उघडायचे असले की मी दोघांना भिंतीकडं तोंड करून ठेवतो. काम झालं की पुन्हा वळवतो. वळवताना हातपाय मोडणार नाही एवढं बघतो.

हा लेख लिहून झाला आणि मी मावशीकडं गेलो. या वेळी मला खरोखरच माठ हवा होता. जुन्या माठांपैकी शेवटच्याला चीर गेली होती.

"माठ?" मावशीनं थापटणं खाली ठेवून एक माठ पुढं केला. "आता काय केलाव, मास्तर?"

"काही नाही, मावशी. आपल्या कुस्तीवर लिहिलंय. छापून येणार आहे. तुम्ही आहात त्यात, चाचा आहे."

"सगळ्यांचे डोळे ठिकानावर दिलाव का?"

मी जरा विचार केला. "बहुतेक," मी म्हणालो.

मावशीनं दुसरा माठ पुढं सरकवला.